मराठवाड्यातील वृत्तपत्रे

मराठवाड्याच्या आठ जिल्ह्यांत वाचली जाणारी दैनिके ढोबळमानाने चार थरांत मोडतात. दिल्ली-मुंबईहून चालणारी इंग्रजी व हिंदी राष्ट्रीय दैनिके. मुंबई-पुण्यात जम बसवून इकडे आवृत्ती काढणारी महानगरी मराठी दैनिके. छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) केंद्र धरून सगळ्या विभागात जाणारी प्रादेशिक दैनिके. आणि एका जिल्ह्यापुरती निघणारी जिल्हा दैनिके. चौथा थर वृत्तपत्रांच्या वर्गीकरणात सहसा धरला जात नाही. मराठवाड्यात मात्र तो धरावाच लागतो, कारण तालुक्याच्या पातळीवरच्या असंख्य घटनांची छापील नोंद फक्त तिथेच सापडते. बीडचा ‘झुंजार नेता’, नांदेडची ‘प्रजावाणी’ आणि ‘गोदातीर समाचार’, लातूरचा ‘एकमत’ ही या परंपरेतली ठळक नावे. उर्दूत संभाजीनगरचे ‘औरंगाबाद टाइम्स’ आणि ‘एशिया एक्सप्रेस’ आहेत.

पूर्वपीठिका

१९४८ पर्यंत हा भाग निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. राज्यकारभाराची भाषा उर्दू, वृत्तपत्र काढायला सरकारी परवानगी लागे आणि टीका छापली की बंदी येई. आ. कृ. वाघमारे यांचे ‘मराठवाडा’ हे पत्र या काळात बंदी आल्यावर नाव बदलून पुन्हा निघत राहिले. १७ सप्टेंबर १९४८ ला निजामाची राजवट संपल्यानंतर त्याची सूत्रे अनंत भालेराव यांच्याकडे आली आणि औरंगाबादहून निघणारे ‘मराठवाडा’ विभागाच्या विकासाच्या मागण्यांचे मुखपत्र ठरले. ‘लोकमत’ची औरंगाबाद आवृत्ती ९ जानेवारी १९८२ रोजी सुरू झाली. मे २०११ मध्ये भास्कर समूहाने ‘दिव्य मराठी’ हे मराठी दैनिक काढले, तेही याच शहरातून.

आवृत्ती आणि वेळ

कोणत्या गावाला कोणती बातमी मिळणार, हे ठरते पान किती वाजता छपाईला सुटते यावर. संभाजीनगर ते नांदेड हे अंतर अडीचशे किलोमीटरहून अधिक आहे. अंकाचे गठ्ठे पहाटे पाचच्या आत नांदेड बसस्थानकावर पोचवायचे तर गाडी मध्यरात्रीपूर्वी निघावी लागते, म्हणजे पाने रात्री साडेनऊ-दहाला बंद करावी लागतात. म्हणून डाक आवृत्ती, म्हणजे दूरच्या गावांना जाणारी, आधी छापतात, त्यानंतर बीड-परभणीची, मग जालन्याची आणि सर्वांत शेवटी, रात्री साडेबारा-एकला, शहर आवृत्ती. त्यामुळे उशिरा संपलेल्या क्रिकेट सामन्याचा निकाल शहरच्या अंकात असतो आणि नांदेड जिल्ह्यातल्या देगलूरच्या अंकात नसतो. काही दैनिके लातूर किंवा नांदेडला कराराने छपाई करून हा तीन-चार तासांचा फरक भरून काढतात. पाने पीडीएफने जातात, छपाईची प्लेट तिथेच निघते.

या वेळापत्रकाची सर्वांत मोठी परीक्षा ३० सप्टेंबर १९९३ ला झाली. किल्लारीचा भूकंप पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी झाला. त्या वेळी सकाळचे अंक छापून वाटेला लागलेले असतात. अशा घटनेत नेहमीच्या अंकाला काहीच करता येत नाही. दुपारचा खास अंक किंवा दुसऱ्या दिवशीचा अंक एवढेच मार्ग उरतात.

तालुका वार्ताहराला पान सुटण्याच्या वेळांचा हिशेब पाठ असावा लागतो. ग्रामसभा, मोर्चा, बाजार समितीची बैठक यांच्या बातम्या संध्याकाळी सहापर्यंत जिल्हा कार्यालयात गेल्या तर जिल्हा पानावर लागतात. आठनंतर आलेली बातमी पहिल्या पानाच्या योग्यतेची नसेल तर दुसऱ्या दिवसावर जाते, आणि तोवर ती जिल्हा दैनिकाने छापलेली असते. जिल्हा दैनिकाला गाडी लांब धाडायची नसते, हा त्याचा सर्वांत मोठा फायदा.

छपाई

मोठ्या आकाराच्या अंकाचे पान सुमारे ३४.५ × ५४.६ सेंटिमीटर असते. ४५ जीएसएमच्या (चौरस मीटरला ४५ ग्रॅम वजनाच्या) कागदावर १२ पानी अंकाचे वजन ५० ग्रॅमच्या आसपास भरते, म्हणजे एक टन कागदात वाया जाणारा धरून १९ हजारांच्या आत-बाहेर प्रती निघतात. पाने चारच्या पटीत वाढतात. ऐनवेळी एक मोठी जाहिरात आली तर दोन पानांचा सुटा ताव घालता येतो, पण तो वाटपात निसटतो आणि वाचकाची तक्रार येते. चार रंगांपैकी एखादी प्लेट केसभर सरकली की चेहऱ्याला दुहेरी कडा दिसते. सुरुवातीच्या काही शे प्रती अशाच निघतात आणि त्या बाजूला काढायच्या असतात. घाईत तसे होत नाही, आणि त्या नेमक्या पहिल्या गाडीत, सर्वांत दूरच्या गावाला जातात.

गठ्ठा उतरल्यावर एजंट पुरवण्या हाताने अंकात घालतो, वाटपाच्या मुलांना लाइनप्रमाणे (ठरलेल्या घरांच्या रांगेप्रमाणे) मोजून देतो आणि खेड्यांची पार्सले पहिल्या एसटीने सोडतो. पावसाळ्यात पार्सलाला प्लास्टिक नसेल तर वरचे-खालचे अंक भिजून रद्दीत जातात.

जाहीर नोटीस

सामान्य माणसाचा वृत्तपत्राशी पैशाचा आणि कायद्याचा संबंध येतो तो जाहीर नोटिशीतून. जमीन खरेदीपूर्वी वकील जे ‘जाहीर प्रगटन’ देतात त्यात गाव, तालुका, गट क्रमांक, क्षेत्र, चतुःसीमा, मालकाचे नाव आणि हरकतीची मुदत येते. चूक बहुधा गट क्रमांकात होते. जुना सर्व्हे नंबर आणि नवा गट क्रमांक यांची अदलाबदल झाली तर प्रगटन निरुपयोगी ठरते. मजकूर देण्याआधी चालू सातबारा समोर ठेवून अंक जुळवावेत आणि छपाईपूर्वीचे प्रूफ सही करून परत करावे.

दुसरी चूक आवृत्तीची. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ५, नियम २० प्रमाणे वृत्तपत्रातून समन्स बजावायचे तर ते दैनिक प्रतिवादीच्या शेवटच्या ज्ञात वास्तव्याच्या भागात खपणारे असावे लागते. २०१३ च्या भूसंपादन कायद्यातही प्राथमिक अधिसूचना त्या परिसरात खपणाऱ्या दोन दैनिकांत, त्यांपैकी एक प्रादेशिक भाषेतले, छापण्याची अट आहे. हिंगोली जिल्ह्यातल्या सेनगाव तालुक्यातल्या माणसासाठीची नोटीस फक्त संभाजीनगर शहर आवृत्तीत आली तर समोरचा पक्ष त्यावर बोट ठेवणारच. स्वस्त दर मिळाला म्हणून आवृत्ती निवडू नये. दर चौरस सेंटिमीटरवर असतो, त्यामुळे मजकूर आटोपशीर लिहिला की खर्च आपोआप कमी होतो. पुराव्यासाठी कात्रण न ठेवता पूर्ण पान ठेवावे. त्यावर दैनिकाचे नाव, दिनांक, आवृत्ती आणि पान क्रमांक दिसला पाहिजे.

अंक कुठला, याचा निर्णायक पुरावा शेवटच्या किंवा आतल्या पानाच्या तळाशी बारीक अक्षरात असतो: मालक, मुद्रक, प्रकाशक, संपादक, छापखान्याचा पत्ता आणि नोंदणी क्रमांक. वेगवेगळ्या ठिकाणांहून निघणाऱ्या आवृत्त्यांची नोंदणी वेगवेगळी असते. १८६७ च्या प्रेस व पुस्तक नोंदणी कायद्याची जागा वृत्तपत्रे व नियतकालिके नोंदणी कायदा, २०२३ ने घेतली असून तो १ मार्च २०२४ पासून लागू आहे. नवे पत्र काढणाऱ्याला आता ऑनलाइन अर्ज करावा लागतो.

पाण्याचे आकडे

जुलै ते ऑक्टोबर या काळात मराठवाड्यातला वाचक पहिल्या पानावर आधी पैठणच्या जायकवाडी धरणाचा आकडा पाहतो. मुंबईच्या अंकात ‘धरण भरले’ एवढे चालते, इथे चालत नाही. जायकवाडीची एकूण क्षमता २,९०९ दशलक्ष घनमीटर, त्यातला उपयुक्त (तळाचा मृतसाठा वगळून वापरता येणारा) साठा २,१७१. बातमीतली टक्केवारी उपयुक्त साठ्याची असते. एका दिवशी उपयुक्त आणि दुसऱ्या दिवशी एकूण साठा धरला तर पाऊस नसताना धरण वाढलेले किंवा घटलेले दिसते. नवख्या उपसंपादकाची दुसरी चूक म्हणजे क्युसेक आणि टीएमसी यांची गल्लत. क्युसेक (सेकंदाला एक घनफूट) हा विसर्गाचा वेग, टीएमसी (एक अब्ज घनफूट) हे पाण्याचे परिमाण. सुमारे ११,५७४ क्युसेकने २४ तास पाणी सुटले की एक टीएमसी होते. नाशिक-नगरच्या धरणांतून सोडलेले पाणी पैठणला किती भर घालणार, हे या हिशेबाने तपासल्याशिवाय मथळा देऊ नये. वाटेत झिरपून जाणारे पाणी त्यातून वजा होतेच.

बाजारभावातही असेच होते. लातूरच्या सोयाबीन-तुरीचे किमान, कमाल आणि सर्वसाधारण असे तीन दर येतात. मथळ्यात कमाल दर जातो, पण तो थोड्या, चांगल्या मालाला मिळालेला असतो. शेतकऱ्याच्या कामाचा असतो सर्वसाधारण दर आणि शेजारचा आवकेचा आकडा.

जुने अंक

वृत्तपत्राचा कागद लाकडाच्या लगद्याचा असल्याने उजेडात पिवळा पडतो आणि घडीवर तुटतो. घडी न घालता, आडवे, कोरड्या जागी ठेवलेले अंक टिकतात. मोठ्या दैनिकांकडे पानांचे संगणकीय संग्रह आहेत. जिल्हा दैनिकांच्या जुन्या फायली मात्र कार्यालय बदलले की रद्दीत जातात. त्यामुळे आधी जुनी सार्वजनिक वाचनालये पाहावीत, मग दैनिकाचे कार्यालय. अंक मागताना दिनांकाबरोबर आवृत्तीही सांगावी लागते, कारण एकाच तारखेच्या लातूर आणि परभणीच्या अंकांत आतली पाने पूर्ण वेगळी असतात.