ठाणे खाडीतील सूक्ष्मजीव व परजीवी

ठाणे खाडी, तिच्या काठची खाजणे, ठाण्यातले तलाव आणि या परिसरातली माणसे व जनावरे यांच्या आश्रयाने राहणारे, नुसत्या डोळ्यांना न दिसणारे किंवा जेमतेम दिसणारे सजीव. खाडी सुमारे २६ किमी लांब आहे. उत्तरेला ठाण्याजवळ ती अरुंद वाटेने उल्हास नदीला जोडलेली आहे, दक्षिणेला रुंद होत मुंबई बंदराच्या पाण्याला मिळते. पूर्वेला ऐरोली, घणसोली, वाशी. पश्चिमेला मुलुंड, भांडुप, मानखुर्द. खाडीचा काही भाग २०१५ मध्ये रोहित (फ्लेमिंगो) पक्ष्यांचे अभयारण्य म्हणून घोषित झाला आणि २०२२ मध्ये रामसर पाणथळ स्थळांच्या यादीत आला. हा मान मिळाला तो पक्ष्यांमुळे. पण ते पक्षी इथे उतरतात ते चिखलातल्या सूक्ष्मजीवांसाठी.

नोंदीच्या नावातल्या दोन शब्दांपैकी एकही कुळाचे नाव नाही, हे आधी लक्षात घ्यावे लागते. ‘सूक्ष्मजीव’ हा शब्द माप सांगतो, ‘परजीवी’ हा पोट भरण्याची रीत सांगतो. माणसाच्या उंचीवरून किंवा धंद्यावरून त्याचे घराणे कळत नाही, तसेच इथेही. दुसऱ्याच्या अंगावर जगण्याची रीत जीवसृष्टीत अनेक वेळा, अनेक कुळांत, एकमेकांशी संबंध नसताना निर्माण झाली. बोलीतली विभागणी तर दिसण्यावरच बेतलेली आहे: डोळ्यांना दिसतो तो जंत, दिसत नाही तो जंतू. दोन्ही शब्द संस्कृतातल्या ‘जन्तु’चेच, म्हणजे ‘जन्मलेला’ याचेच. जंत हा प्राणी आहे आणि नात्याने तो लेप्टोच्या (लेप्टोस्पायरोसिस या पावसाळी तापाच्या) जंतूपेक्षा माणसाला कितीतरी जवळचा आहे.

वर्गीकरणाचा इतिहास : डेल्फ्टचा कापडव्यापारी आंतोनी व्हान लेव्हेनहूक याने स्वतः घासलेल्या भिंगांतून पाण्यातले जीव पाहिले आणि १६७६ मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीला त्याविषयी सविस्तर पत्र लिहिले. १६८१ मध्ये पोट बिघडलेले असताना त्याने स्वतःचे शौच तपासले. त्यात त्याला दिसलेला जीव आज जिआर्डिया म्हणून ओळखला जातो. म्हणजे माणसातला परजीवी प्रजीव (प्राण्यासारखा एकपेशीय जीव) पहिल्यांदा पाहणाऱ्याने तो स्वतःतच पाहिला. साऱ्या सृष्टीला नावे देणाऱ्या लिनीयसला मात्र हे जीव कुठे बसवावेत ते कळेना. त्याने त्यांची बोळवण ‘केऑस’, म्हणजे गोंधळ, या नावाच्या प्रजातीत केली. १८६६ मध्ये एर्न्स्ट हेकेल याने ना वनस्पती ना प्राणी अशांसाठी ‘प्रोटिस्टा’ हे तिसरे दालन उघडले. रॉबर्ट व्हिटेकर याची १९६९ ची पंचसृष्टी पद्धती आपण शाळेत शिकलो. शिकवायला ती सोयीची आहे, पण तिच्यातली प्रोटिस्टा ही सृष्टी म्हणजे उरलेसुरले ठेवायची टोपली आहे, हे शिकवताना सांगायला हवे.

मोठा फरक पडला १९७७ मध्ये. कार्ल वोझ आणि जॉर्ज फॉक्स यांनी आकाराकडे पाहणे सोडून पेशीत प्रथिने बनवणाऱ्या रायबोसोम या कणांचा आरएनए ताडून पाहिला. मिथेन तयार करणारे काही ‘जीवाणू’ हे जीवाणू नव्हतेच; त्यांचे स्वतंत्र घराणे निघाले. त्याला आर्किया म्हणतात. १९९० मध्ये जीवाणू, आर्किया आणि दृश्यकेंद्रकी (पेशीत केंद्रक असलेले) अशी तीन अधिक्षेत्रे मांडली गेली. विषाणू या झाडाच्या बाहेर राहतात. त्यांना स्वतःची पेशी नाही आणि सर्व विषाणूंत सारखे असे एकही जनुक नाही. त्यामुळे त्यांचे वर्गीकरण वेगळ्या पद्धतीने, जनुकद्रव्याच्या प्रकारावरून व रचनेवरून केले जाते.

खाजणातला चिखल : ओहोटीला खाडीकाठी तिवरांच्या कडेला उभे राहिले, तर चिखलावर सोनेरी-तपकिरी झाक चढलेली दिसते, पिवळसर साय धरावी तशी. बोटाने पुसली तर खालचा राखाडी चिखल उघडा पडतो. ही झाक म्हणजे कोट्यवधी डायाटम, एकपेशीय सूक्ष्मजीव. पाणी ओसरून ऊन पडले की ते सरपटत वर येतात, प्रकाशात अन्न तयार करतात आणि भरती यायच्या आधी पुन्हा चिखलात उतरतात, नाहीतर पाणी त्यांना वाहून नेईल. अशा काही जातींचा चिखल प्रयोगशाळेत आणून ठेवला, तर तिथे भरती-ओहोटी नसतानाही त्या काही दिवस तीच वेळ पाळत वर-खाली करत राहतात.

डायाटमला मराठीत ‘करंडक वनस्पती’ असे नाव दिले गेले. नाव सुरेख आहे आणि नेमकेही: पेशीभोवती सिलिकेचे, म्हणजे काचेच्या जातीचे कवच असते आणि कुंकवाच्या करंड्यासारखे त्याचे खालचे पात्र वेगळे व वरचे झाकण वेगळे असते. प्रत्येक विभाजनात एकेक अर्धा भाग नव्या पेशीला वारशाने मिळतो. दोन्ही पेशी तो झाकण म्हणून वापरतात आणि आतले पात्र नव्याने घडवतात. त्यामुळे पिढ्यांगणिक काही पेशी लहान होत जातात आणि शेवटी लैंगिक प्रजननानंतर पुन्हा मूळ आकार मिळतो. मात्र ‘वनस्पती’ हा नावातला दुसरा शब्द आता टिकत नाही. डायाटमचे जवळचे नातेवाईक म्हणजे समुद्रातली तपकिरी शैवले आणि बटाट्यावर करपा आणणारे, बुरशीसारखे दिसणारे पण बुरशी नसलेले ऊमायसीट. हिरव्या झाडांशी त्यांचे नाते फार दूरचे आहे.

झाकेच्या खाली जेमतेम काही मिलिमीटरपर्यंतच प्राणवायू पोचतो. त्याखालचा चिखल काळा असतो आणि त्याला सडक्या अंड्यांचा वास येतो. तिथे राहणारे जीवाणू समुद्राच्या पाण्यातल्या सल्फेटवर श्वसन करतात. त्यातून हायड्रोजन सल्फाइड निघतो आणि लोहाशी संयोग होऊन चिखल काळा पडतो. पुलावरून जाताना नाकाला रुमाल लावणारे लोक या वासाचे खापर फक्त गटारावर फोडतात. सांडपाण्याचा वाटा नाकारता येत नाही, पण स्वच्छ खाडीतल्या खाजणालाही हा वास थोडा असतोच. आणखी खाली, जिथे सल्फेटही संपते, तिथे वोझने वेगळे काढलेले मिथेनकारी आर्किया राहतात. वीतभर खोलीत असे तीन थर आणि प्रत्येक थराचे घराणे निराळे. तिवराची जमिनीबाहेर डोकावणारी श्वसनमुळे या काळ्या थरातही बारीक वाटांनी प्राणवायू पोचवतात आणि मुळाभोवती पुन्हा वेगळीच वस्ती जमते.

हिवाळ्यात येऊन उन्हाळ्यापर्यंत राहणारा छोटा रोहित पक्षी ही साय आणि पाण्यातले सायनोबॅक्टेरिया (प्रकाशात अन्न तयार करणारे जीवाणू) खातो. चोच उलटी करून, जिभेने पाणी आत-बाहेर ढकलत, चोचीतल्या बारीक पट्ट्यांच्या गाळणीतून तो ते गाळून घेतो. पिसांचा गुलाबी रंग अन्नातल्या कॅरोटिनॉइड द्रव्यांतून येतो. शहरांच्या सांडपाण्यातून येणारे नायट्रोजन व फॉस्फरस ही वाढ पोसतात, असे पक्षी-अभ्यासक मानतात. म्हणून पक्ष्यांचे थवे वाढले म्हणजे खाडी निरोगी झाली, असा सरळ अर्थ काढता येत नाही.

तलाव : ठाणे हे तलावांचे शहर. मासुंदा, उपवन, कचराळी अशा गोड्या पाण्याच्या साठ्यांत खाडीपेक्षा वेगळी मंडळी असतात: हिरवी शैवले, युग्लिना व पक्ष्माभिका हे एकपेशीय जीव, चक्रधर हे सूक्ष्म प्राणी. निर्माल्य, सांडपाणी आणि मूर्तिविसर्जन यांनी पाण्यात खत साचले की सायनोबॅक्टेरियांचा हिरवा तवंग येतो. रात्री तवंगातले सारे जीव आणि कुजत असलेले अवशेष मिळून पाण्यातला प्राणवायू संपवतात. पहाटे मासे तोंड वर काढून मरतात. जुन्या पुस्तकांत सायनोबॅक्टेरियांना नीलहरित शैवले म्हणत. ती शैवले नाहीत, जीवाणू आहेत. उलट झाडाच्या पानातले हरितकण हेच एके काळी दुसऱ्या पेशीत शिरून कायमचे राहिलेल्या सायनोबॅक्टेरियाचे वंशज आहेत, हा विचार लिन मार्ग्युलिस यांनी १९६७ मध्ये जोरदारपणे मांडला आणि नंतर तो सिद्ध झाला.

हिवतापाचे गणगोत : कोकण किनाऱ्यावर काही रात्री लाटा निळ्या चमकतात त्या नॉक्टिल्युका या द्विकशाभिक गटातल्या एकपेशीय जीवामुळे. तलावाच्या थेंबात चपलेच्या तळव्यासारखा फिरतो तो पॅरामीशियम. भारताच्या किनाऱ्यावर कालवांच्या मांसात आढळणारा पर्किन्सस हा परजीवी आधी बुरशी समजला गेला होता. खाडीच्या चिखलातल्या वलयी कृमींच्या आतड्यात ग्रेगॅरीन हे एकपेशीय परजीवी असतात. दिसायला या चौघांचा एकमेकांशी काही संबंध नाही. पण पेशीच्या पटलाखाली चपट्या पिशव्यांचा थर या सर्वांत आहे आणि जनुकेही तेच सांगतात: हे सारे अल्व्हिओलाटा या एकाच घराण्यातले. त्यांचाच आणखी एक भाऊबंद म्हणजे प्लाझमोडियम, हिवतापाचा परजीवी.

अल्फोन्स लाव्हरां याने तो १८८० मध्ये अल्जेरियात रुग्णाच्या रक्तात पाहिला. रोनाल्ड रॉस याला २० ऑगस्ट १८९७ रोजी सिकंदराबाद येथे डासाच्या जठराच्या भिंतीत तो सापडला. ठाणे-नवी मुंबईत त्याचा प्रसार मुख्यतः ॲनोफिलिस स्टिफेन्सी हा शहरी डास करतो. त्याला गटार नको असते, स्वच्छ साठवलेले पाणी हवे असते: गच्चीवरची उघडी टाकी, बांधकामावरचे पिंप, ओल्या स्लॅबवर साचवलेले पाणी. टॉवर उभे राहत असलेल्या भागांत पालिकेचे कर्मचारी आधी बांधकामाची जागा पाहतात ते यासाठीच.

लॅबमध्ये काचपट्टीवर रक्ताचा एक जाड आणि एक पातळ थेंब घेतात. जाड थेंबात परजीवी आहे की नाही हे चटकन कळते, पातळ थेंबात तो कोणता हे कळते. रंग दिल्यावर तेलाच्या भिंगाखाली तांबड्या पेशीत निळी अंगठी दिसते आणि अंगठीवर खडा बसवावा तसा लाल केंद्रकाचा ठिपका. पेशी फुगलेली आणि तिच्यावर बारीक गुलाबी कण असतील तर व्हायवॅक्स. पेशी नेहमीच्याच आकाराची, एकाच पेशीत दोन-दोन नाजूक अंगठ्या किंवा केळ्यासारखी वाकडी युग्मकजनके (परजीवीच्या प्रजननपेशी) दिसली, तर फाल्सिपेरम. घरी निरोप येतो तो ‘पीव्ही निघाला’ किंवा ‘पीएफ निघाला’ असा. इथे जातीचे नाव म्हणजे थेट उपचार. व्हायवॅक्स यकृतात निद्रिस्त राहतो, म्हणून ताप उतरल्यावरही डॉक्टरांच्या सल्ल्याने प्रायमाक्विनचा कोर्स पूर्ण करावा लागतो; फाल्सिपेरम मेंदूवर जाऊ शकतो, म्हणून तिथे घाई करावी लागते.

या परजीवीच्या पेशीत रंग हरवलेला एक हरितकण आहे: एपिकोप्लास्ट. परजीवीचे पूर्वज कधी तरी लाल शैवल पोटात घेऊन सूर्यप्रकाशावर जगत होते. प्रकाशसंश्लेषण गेले, पण काही मेदद्रव्ये अजून तिथेच बनतात आणि त्याशिवाय परजीवी जगत नाही. डॉक्सिसायक्लीन हे जीवाणूंवरचे औषध हिवतापावर चालते ते या जुन्या पाहुण्याच्या मूळ जीवाणूपणामुळे.

चुकीच्या खणात ठेवलेले : आवेचा अमीबा, एंटअमीबा हिस्टोलिटिका, याचे हुबेहूब दिसणारे पण निरुपद्रवी भावंड एंटअमीबा डिस्पार वेगळे आहे, असे एमिल ब्रम्प्ट याने १९२५ मध्ये सांगितले. ते सर्वमान्य व्हायला १९९३ उजाडले. तोवर किती जणांना अमीबावरची औषधे विनाकारण दिली गेली असतील! अमीबाने तांबड्या पेशी गिळलेल्या दिसल्या तरच सूक्ष्मदर्शकातून संशय पक्का होतो. फुप्फुसात रोग करणारा न्यूमोसिस्टिस प्रजीव समजला जात होता, तो बुरशी निघाला. मायक्रोस्पोरिडिया यांना फार आदिम प्रजीव मानत. तेही बुरशांच्या जवळचे निघाले. कोळंबी-संवर्धकांना त्यांतला एक चांगला ठाऊक आहे: ईएचपी, म्हणजे एंटेरोसायटोझून हिपॅटोपिनेई. त्याने कोळंबी सहसा मरत नाही, वाढायची थांबते आणि खाद्याचा खर्च अंगावर पडतो.

जीवाणूंपैकी या परिसरात पावसाळ्यात सर्वाधिक चर्चा होते ती मळसूत्री आकाराच्या लेप्टोस्पायराची. तो उंदरांच्या मूत्रपिंडात राहतो, लघवीवाटे साचलेल्या पाण्यात उतरतो आणि पायाच्या भेगांतून शरीरात शिरतो. २६ जुलै २००५ च्या महापुरानंतर ‘लेप्टो’ हा शब्द घरोघरी पोचला.

जंत : जंत, अंकुशकृमी आणि चाबूककृमी हे प्राणीच, सूक्ष्म असतात ती त्यांची अंडी. २०१५ पासून राबवल्या जाणाऱ्या राष्ट्रीय जंतनाशक दिनी शाळा-अंगणवाड्यांत अल्बेंडाझोलची गोळी दिली जाते ती यांच्यासाठी. ठाणे जिल्हा हत्तीरोगाच्या क्षेत्रातही मोडतो. वुचेरेरिया बँक्रॉफ्टी या कृमीची पिल्ले रात्रीच रक्तात उतरतात, गटारात वाढणाऱ्या क्युलेक्स डासाच्या चावण्याच्या वेळी. दिवसा ती फुप्फुसांच्या केशवाहिन्यांत थांबतात. म्हणून आरोग्य कर्मचारी झोपलेल्या वस्तीत रात्री फिरून बोटातले रक्त घेतात.

या कृमीच्याही पेशींत एक जीवाणू राहतो, वोल्बाकिया. आपल्या पेशींतल्या, ऊर्जा पुरवणाऱ्या तंतुकणिकांचे पूर्वज ज्या जीवाणू-समूहातून आले, त्याच समूहातला. तो कृमीला छळत नाही. कृमीला त्याची गरज आहे. काही आठवडे डॉक्सिसायक्लीन देऊन वोल्बाकिया मारला की मादी कृमी वांझ होते आणि पुढे स्वतःही हळूहळू मरते.