सव्वा इंचाचं दार

‘बर्डहाऊस’ म्हणून बाजारात जे मिळतं ते बहुतेक वेळा माणसाला आवडेल असं असतं. लाल उतरतं छप्पर, पांढऱ्या भिंती, दारापुढे बसायला गोल दांडी, आणि दार इतकं ऐसपैस की आत हात जावा. गॅलरीत ते शोभून दिसतं. चिमण्या मात्र त्याकडे ढुंकूनही बघत नाहीत. चुकून एखादी जोडी राहायला आलीच, तर साळुंकी तिला हुसकावून लावते, नाहीतर एप्रिल-मेच्या उन्हात आतली पिल्लं होरपळतात. दोष चिमणीच्या आवडीनिवडीचा नाही. या पक्ष्यांना हवी असते ढोली: अंधारी, अरुंद तोंडाची, आतून खडबडीत आणि उन्हात न तापणारी.

आधी हेही सांगायला हवं की अंगणातल्या बहुतेक पक्ष्यांना पेटीची गरजच नसते. बुलबुल झुडपात वाटी विणतो, शिंपी पानं शिवतो, शिंजीर काटकी-कचऱ्याची पिशवी टांगतो, मुनिया बोगनवेलीत गवताचा गोळा करते. त्यांना दाट झाडोरा द्या, काम झालं. पेटी लागते ती ढोलीत किंवा भिंतीच्या भोकात घरटं करणाऱ्यांना. आपल्याकडे घराजवळचे असे छोटे पक्षी म्हणजे चिमणी, दयाळ, झाडं भरपूर असतील तिथे काळ्या डोक्याची, पांढऱ्या गालांची राखी वल्गुली, आणि नशिबात असेल तर रानचिमणी. यांच्यापैकी कुणालाच लाकूड कोरता येत नाही. ते काम तांबट आणि सुतार पक्षी करतात, आणि त्यांनी सोडलेल्या ढोल्यांवर बाकीच्यांचा संसार चालतो. चिमणीने तर झाडही कधीच सोडलं होतं. कौलांखालची वळचण, वाशांमधल्या फटी, मीटरची पेटी, आजोबांच्या तसबिरीमागची तिरपी जागा ही तिची ढोली. स्लॅबच्या आणि काचेच्या इमारतीत यातलं काही उरत नाही.

भोक ही किती मोलाची वस्तू आहे याची एक हकिगत सलीम अलींच्या लहानपणच्या, 1906-07 च्या टिपणात आहे. चेंबूरला तबेल्याच्या भिंतीतल्या भोकात चिमणी अंड्यांवर बसली होती आणि नर बाहेर खिळ्यावर पहारा देत होता. एअरगन हाती असलेल्या या मुलाने नर टिपला. थोड्याच वेळात मादीजवळ दुसरा नर हजर. तोही टिपला, तर तिसरा. सात दिवसांत त्याच खिळ्यावर आठ नर पडले. आज वाचताना अंगावर काटा येतो, पण पोराने नकळत एक प्रयोगच केला होता: आसपास बिनघराचे नर किती होते आणि भोक व मादी रिकामी झाल्याची खबर त्यांना किती लवकर लागत होती, हे त्यातून दिसतं.

युरोपात सोळाव्या शतकात नेदरलँड्सकडे घरांच्या भिंतींवर मातीची मडकी टांगत. साळुंकीच्या नात्यातला स्टार्लिंग त्यांत घरटं करी आणि पिल्लं गुबगुबीत झाली की घरमालक त्यांना काढून शिजवत असे. ब्रूगेलच्या चित्रांत ही मडकी दिसतात. म्हणजे घरट्याच्या पेटीचा उगम पक्षीप्रेमात नव्हे, स्वयंपाकघरात आहे! पुढे हीच युक्ती शास्त्रज्ञांच्या हाती आली. ऑक्सफर्डजवळच्या वायथमच्या जंगलात 1947 पासून आपल्या वल्गुलीच्या जवळच्या नात्यातल्या ‘ग्रेट टिट’ची नोंद पेट्यांमधून ठेवली जाते. वसंत लवकर येऊ लागला तसा या पक्ष्याचा अंडी घालण्याचा काळही काही दशकांत दोनेक आठवड्यांनी अलीकडे सरकला, हे त्या नोंदींमुळेच कळलं.

आता सुतारकाम. सहा इंच रुंद, चार फूट लांब आणि पाऊण इंच जाडीची साधी फळी घ्या. आंब्याची चालेल, सिल्व्हर ओकची चालेल, जुन्या पाईनच्या खोक्याचीही चालेल. स्वस्त प्लायवूड नको, एका पावसाळ्यात त्याचे पापुद्रे सुटतात. पाठीला 15 इंचांचा तुकडा, म्हणजे वर-खाली भिंतीला ठोकायला जागा राहते. बाजूंसाठी 18 इंचांचा तुकडा असा तिरका कापायचा की मागे 10 आणि पुढे 8 इंच उंचीच्या दोन फळ्या मिळतील. पुढची फळी 8 इंच. तळ सहा इंच लांब, पण रुंदी साडेचार, कारण तो दोन बाजूंच्या मध्ये बसवायचा आहे. झाली चार फुटांची फळी. छपराला मात्र 10 इंच चौरसाचा वेगळा तुकडा घ्या, तो पुढे तीन आणि दोन्ही बाजूंना दोन इंच बाहेर येतो. आपल्या पावसाला सरळ पडण्याची सवय नाही, आडव्या झडीसाठी एवढी पागोळी लागतेच. खिळ्यांऐवजी स्क्रू वापरा, आणि एक बाजू किंवा छप्पर उघडता येईल असं ठेवा. साफसफाईची वेळ येते तेव्हा खिळ्यांनी बंद केलेली पेटी फोडावीच लागते.

दार हा या पेटीचा जीव. चिमणीसाठी भोक 32 मिलिमीटरचं, म्हणजे सुताराच्या भाषेत सव्वा इंच. ड्रिलला होल-सॉ, म्हणजे गोल भोक पाडणारी करवत, लावून ते एका दमात पडतं. तपासायला दहा रुपयांचं नाणं पुरतं: ते 27 मिलिमीटरचं असतं, आरपार जाऊन भोवती थोडी फट उरली पाहिजे. वल्गुलीला 28 मिलिमीटर पुरतं. साळुंकीला सव्वा इंचातून डोकं घालता येत नाही, सगळा खेळ इथेच आहे. भोक दीड-पावणेदोन इंचांचं झालं की पेटी चिमणीची राहील याची खात्री उरत नाही. भोकाचा मध्य पुढच्या फळीच्या वरच्या कडेपासून पावणेदोन इंचांवर ठेवा. मग भोकाच्या खालच्या काठापासून तळापर्यंत जवळजवळ पाच इंच खोली मिळते. मांजराचा पंजा किंवा कावळ्याची चोच घरट्यापर्यंत पोचू नये म्हणून ही खोली. बसायची दांडी लावू नका. चिमणी थेट भोकाच्या काठाला नखं रोवते, दांडीचा उपयोग होतो तो तिच्यावर टपलेल्यांना. आतून रंधा मारू नका, रंग नको, व्हार्निश नको. उलट दाराखाली आतल्या बाजूला पटाशीने आडव्या खाचा मारा, पिल्लांना वर चढायला पायऱ्या होतात. तळाच्या कोपऱ्यांत चार बारीक भोकं पाणी निथळायला, आणि बाजूंच्या वरच्या कडेला, छपराच्या आडोशाला, दोन-दोन भोकं गरम हवा निघून जायला.

ही शेवटची भोकं युरोपातल्या आराखड्यांत बऱ्याचदा नसतात, आणि ते साहजिक आहे. तिथे चिंता ओल आणि गारठ्याची. आपल्याकडे शत्रू आहे ऊन. पक्ष्याच्या शरीराचं तापमान मुळातच 40-41 अंशांच्या आसपास असतं, त्यामुळे वर जायला फारशी मोकळीक नसते. अंड्यातून नुकतं निघालेलं पिल्लू उघडं असतं, त्याला स्वतःचं तापमान सांभाळता येत नाही आणि सावलीत सरकायला जागाही नसते. जाड बुंध्यातली ढोली दिवसभर सावकाश तापते आणि रात्री सावकाश निवते. पातळ फळीची पेटी उन्हाबरोबर तापते. ऑस्ट्रेलियात ढोल्या आणि पेट्या यांची तापमानं शेजारी शेजारी मोजली गेली, तेव्हा भर उन्हातल्या पेट्या कितीतरी अंशांनी जास्त गरम निघाल्या. अकोला, चंद्रपूरकडे बाहेरच 45 अंश असताना पत्र्याच्या किंवा प्लास्टिकच्या डब्यात काय होत असेल, ते वेगळं मोजायला नको.

यात आपल्या अक्षांशाचाही एक पेच आहे. सूर्य दक्षिणेला असतो, म्हणून उत्तरेची भिंत सावलीची, हे आपण गृहीत धरतो. पण शून्य सावलीचा दिवस आठवा. मुंबई-पुण्याकडे मेच्या मध्याला आणि नागपूरकडे मेअखेरीस दुपारचा सूर्य बरोबर डोक्यावर येतो, आणि त्यानंतर काही आठवडे तर तो भर दुपारी किंचित उत्तरेलाच असतो. म्हणजे घरट्यांच्या ऐन दिवसांत मध्यान्हीचं ऊन भिंतींवर नाही, छपरावर पडतं. म्हणून पेटीचं तोंड कुठे हा प्रश्न दुय्यम आहे, आधी छपराचा बंदोबस्त करा. गॅलरीच्या स्लॅबखाली, खिडकीच्या छज्जाखाली किंवा दाट आंब्याच्या सावलीत पेटी लावली तर निम्मं काम झालं. उघड्यावर लावायचीच असेल तर छपरावर इंचभर उंचीच्या पट्ट्या ठोकून दुसरं छप्पर घाला. मधल्या फटीतून हवा वाहते आणि वरच्या फळीची धग खालपर्यंत येत नाही. तोंडाचं म्हणाल तर पूर्व किंवा ईशान्य बरी. दुपारनंतरचं पश्चिमेचं ऊन टळतं आणि नैर्ऋत्येकडून येणारा मोसमी पाऊस पाठीवर झेलला जातो.

उंची आठ ते बारा फूट पुरे. भिंतीच्या किंवा फांदीच्या आधाराने मांजर, खार चढून येणार नाही एवढं पाहा. खार तशीही भोक कुरतडून मोठं करते, त्यावर उपाय म्हणजे दाराभोवती भोक पाडलेली पत्र्याची चकती. पेटी दोरीला टांगून हेलकावे खायला ठेवू नका, ती घट्ट बसवा. आणि घराच्या आत तर लावूच नका. जुन्या घरांत चिमण्या घरातच नांदायच्या, पण छताच्या पंख्याने किती चिमण्या मेल्या असतील याची गणती नाही. चिमणी घोळक्याने राहते, त्यामुळे दोन-तीन पेट्या हातभर अंतरावर लावल्या तरी चालतात, किंबहुना तसंच बरं. दयाळ आणि वल्गुली आपापल्या हद्दीसाठी भांडतात, एका अंगणात त्यांची एकच जोडी राहील. दयाळाला पेटी मोठी लागते, आतून सहा इंच चौरस, आणि भोक दोन इंचांचं. त्यातून साळुंकीही शिरू शकते, याला इलाज नाही. शिरली तर शिरू द्या, तिलाही ढोलीच लागते. हिंदी महासागरातल्या सेशेल्स बेटांवर मात्र हा उदारपणा परवडला नाही. तिथला दयाळ 1960 च्या दशकात फ्रेगेट या एकाच बेटावर पंधराच्या आसपास उरला होता. त्याला वाचवताना पेट्या लावाव्या लागल्या आणि माणसांनी तिथे नेऊन सोडलेल्या आपल्याच साळुंक्यांना आवरावं लागलं.

पेटी जानेवारी-फेब्रुवारीत लावली तर बरं. आधी येतो नर. दाराशी बसून तो एकाच सुरात तासन् तास चिवचिवत राहतो, ही त्याची जाहिरात. मादी येते, काठावर बसून मान आत घालते, बाहेर बघते, पुन्हा आत डोकावते, निघून जाते. असं कितीतरी वेळा. मग एक दिवस भोकातून गवताची काडी बाहेर लोंबताना दिसते. आत गवत, सुतळी, चिंध्या, पिसं असा गबाळा ढीग. चिमण्या कडुनिंबाची पानंही घरट्यात आणतात अशी नोंद कोलकात्याची आहे. मेक्सिको सिटीत तर सिगारेटची थोटकं आढळली, आणि ज्या घरट्यांत थोटकं जास्त तिथे रक्त शोषणारे बारीक परजीवी कमी, असं 2013 च्या एका अभ्यासात दिसलं. तीन ते पाच अंडी, बारा-तेरा दिवसांनी पिल्लं, आणि आणखी दोन आठवड्यांनी ती उडतात. या काळात आई-बाप चोचीत काय घेऊन येतात ते नीट बघा. दाणे नव्हेत, अळ्या, मावा, कोळी, नाकतोडे. आणि परत जाताना चोचीत पांढरी, ओलसर, चकचकीत गोळी असते. ती पिल्लाची विष्ठा, पातळ पिशवीत बांधलेली. घरटं साफ ठेवण्याची ही सोय इतकी बेमालूम आहे की पिल्लू खाऊन झाल्याबरोबर पाठ फिरवून ती गोळी थेट पालकाच्या चोचीत देतं.

अळ्यांचा मुद्दा मला पेटीपेक्षाही मोठा वाटतो. लंडनमध्ये चिमण्यांच्या काही वसाहतींना घरट्यांच्या हंगामात पाळीव अळ्या पुरवल्या गेल्या. उडणाऱ्या पिल्लांची संख्या वाढली, पण प्रौढ चिमण्यांची संख्या एकंदरीत वाढली नाही, म्हणजे पुढेही काहीतरी अडत होतं. आपल्याकडे ‘मोबाइल टॉवरमुळे चिमण्या गेल्या’ हे इतक्यांदा ऐकलंय की ते खरं वाटतं, पण त्याला भक्कम पुरावा नाही. ‘स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स’च्या 2020 च्या अहवालात देशभरात चिमणी गेल्या पंचवीसेक वर्षांत साधारण स्थिर असल्याचं आलं, घट दिसली ती मुंबईसारख्या महानगरांत. तिथे जागाही नाही आणि किडेही नाहीत. म्हणून पेटी लावायची आणि खाली कुंड्यांवर कीटकनाशक फवारायचं, याला काही अर्थ नाही. जास्वंदीवर मावा पडला तर पडू द्या.

आणखी एक गोष्ट, जिला फळी लागत नाही आणि सुतारही लागत नाही. सोसायटीतल्या शेवग्याची किंवा पांगाऱ्याची एखादी फांदी वाळली असेल आणि ती कुणाच्या डोक्यावर पडण्यासारखी नसेल, तर छाटणीच्या वेळी ती राहू द्या. तांबट त्याच मऊ, वाळक्या लाकडात ढोली कोरतो. त्याने सोडली की तीच ढोली पुढे दुसऱ्या कुणाला मिळते, आणि ती कोणत्याही पेटीपेक्षा थंड असते.

पिल्लं असताना पेटी उघडून बघण्याचा मोह आवरा. वन्यजीव संरक्षण कायदा, 1972 मधल्या शिकारीच्या व्याख्येत रानपक्ष्यांची अंडी किंवा घरटी विस्कटणंही येतं. आपल्याकडे चिमण्या वर्षात दोन-तीनदा वीण घालतात, त्यामुळे साफसफाई दोन विणींच्या मधल्या रिकाम्या दिवसांत उरका. आठवडाभर कुणी आत-बाहेर करत नाही याची खात्री करा, जुनं घरटं हातमोजे घालून काढा, आत उकळतं पाणी ओता आणि पेटी दिवसभर उन्हात वाळवा. फिनेल, गोचिडांची पावडर, झुरळांचा फवारा यातलं काही नको. गांधीलमाश्यांनी किंवा मुंग्यांनी पेटी बळकावली असेल तर तीही याच वेळी रिकामी होते. पहिलं वर्ष पेटी मोकळीच राहिली तर लगेच काढू नका. दुसऱ्या हंगामातही कुणी फिरकलं नाही, तर जागा बदला, आणि आधी छपरावर दुपारी ऊन येतंय का ते पाहा.