मंत्रखाऊ जिवांची पार्श्वभूमी

लोणारजवळच्या आमच्या गावातील वाचनालयात काही तरुण मंडळी गेल्या पावसाळ्यापासून एक कल्पित प्रदेश रचत आहेत. त्या प्रदेशात मंत्राला खरोखर बळ आहे. परंतु मंत्र उच्चारताच जी शक्ती सुटते, ती माती-पाण्यातील डोळ्यांना न दिसणारे जीव खाऊन टाकतात. तेथील शेतकरी त्यांना ‘मंत्रखाऊ’ म्हणतात. ही कल्पना आली कोठून, असे वाचणारा प्रत्येक जण विचारतो, म्हणून तिच्यामागचा इतिहास येथे मांडत आहे.

या कल्पनेत दोन वेगवेगळे विचार एकत्र आले आहेत. जादू ही साठणारी आणि खर्च होणारी गोष्ट आहे, हा पहिला. तो आपल्याला नवा नाही. त्रिशंकूला सदेह स्वर्गात धाडण्यासाठी विश्वामित्राने आपल्या तपाचे फळ पणाला लावले, आणि पुण्य क्षीण झाले की मर्त्यलोकी परतावे लागते, हे तर कीर्तनात लहानपणापासून कानावर पडत आले आहे. पाश्चात्त्य लेखकांकडे हा विचार ‘माना’ म्हणजे अलौकिक शक्ती या, पॅसिफिक महासागरातील मेलानेशिया बेटांवरच्या शब्दातून आला. कॉड्रिंग्टन या मिशनऱ्याने १८९१ साली त्या बेटांवरील श्रद्धांविषयी लिहिले. पुढे तो शब्द कादंबऱ्यांत आणि खेळांत शिरला आणि जादूगाराजवळील शक्तीचा साठा मोजण्याचे मापच होऊन बसला.

दुसरा विचार अन्नाचा आहे, आणि खरा रस त्याच्यात आहे. न दिसणाऱ्या जिवांची जाणीव जुनीच आहे. अथर्ववेदात दृष्ट आणि अदृष्ट अशा दोन्ही कृमींना मारण्याचे मंत्र आहेत, तर जैन विचारात निगोद या अतिसूक्ष्म जिवांची गणना होते. अथर्ववेदात मंत्र कृमीला मारतो. आमच्या प्रदेशात कृमीच मंत्र खातो. १६७६ साली लेवेनहूक या डच निरीक्षकाने आपल्या भिंगातून दिसलेल्या सूक्ष्म जिवांचे वर्णन लंडनच्या रॉयल सोसायटीला कळवले, तेव्हा त्यांचे अस्तित्व दिसले. पण ते जगतात कशावर, हा प्रश्न पुढे बराच काळ सुटला नव्हता.

तो सुटू लागला १८८७ साली. विनोग्राड्स्की या रशियन शास्त्रज्ञाने गंधकयुक्त पाण्यात वाढणाऱ्या बेगियाटोआ या जिवाणूंचा अभ्यास केला आणि ते गंधकाच्या संयुगांतूनच ऊर्जा मिळवतात, हे दाखवून दिले. सूर्यप्रकाश नाही, कुजणारा पालापाचोळा नाही, तरीही जगणे शक्य आहे, हे तेव्हा प्रथमच स्पष्ट झाले. माझ्या मते मंत्रखाऊ जिवांचा खरा जन्म तेथे आहे, कारण अन्न याचा अर्थच त्या दिवशी बदलला. पुढचे शोध याच वाटेने गेले. १९७७ साली गॅलापागोस बेटांजवळ, सूर्यकिरण पोहोचत नाहीत अशा खोल समुद्रतळावरील उष्ण झऱ्यांभोवती जिवाणूंच्या आधाराने नांदणारी सजीवांची वस्ती आढळली. दक्षिण आफ्रिकेतील एका सोन्याच्या खाणीत, जमिनीखाली सुमारे २.८ किलोमीटरवर, खडकातील किरणोत्सर्गाने पाण्याचे विघटन होऊन सुटणाऱ्या हायड्रोजनवर जगणारा जिवाणू मिळाला. किरणोत्सर्ग पचवणारी साखळी निसर्गातच असेल, तर कल्पित जगात मंत्रशक्ती पचवणारी साखळी असण्यास हरकत घेता येत नाही.

ही गोष्ट गावातील माणसाला पटवून देण्यासाठी इतक्या दूर जाण्याचीही गरज नाही. मृगाच्या सरी येण्याच्या सुमारास आमच्याकडे तूर आणि सोयाबीनच्या बियाण्याला गुळाच्या पाण्यातून रायझोबियमचे जिवाणू संवर्धक चोळतात, दहा किलो बियाण्याला साधारण २५० ग्रॅमचे पाकीट या हिशेबाने, आणि ते बियाणे सावलीत वाळवून पेरतात. हे जिवाणू मुळांवरील गाठींत राहतात, हवेतील नत्र पिकाच्या उपयोगी पडेल अशा रूपात आणतात आणि त्या बदल्यात पिकाकडून साखर घेतात. बायेरिंक या डच शास्त्रज्ञाने १८८८ साली हे जिवाणू वेगळे केले. आमच्या कल्पित प्रदेशातील पळसाच्या मुळांवर अशाच गाठी आहेत. फरक एवढाच, की त्यांतील जीव मंत्रशक्ती घेतात आणि उरलेले झाडाला देतात; म्हणून ज्या देवराईत पिढ्यान्‌पिढ्या मंत्र म्हटले गेले, तेथील पळस सर्वांत दाट आहे.

आणि मग लोणारचे सरोवर आहेच. उल्कापाताने बेसाल्टच्या खडकात झालेला, सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा हा खळगा. त्यात लवणासुर राहत होता आणि विष्णूने त्याला मारले, अशी कथा सांगितली जाते आणि दैत्यसूदनाचे मंदिर त्या कथेची साक्ष म्हणून दाखवले जाते. १८२३ साली अलेक्झांडर या इंग्रज अधिकाऱ्याने सरोवराची नोंद घेतली. पाणी खारट आणि अल्कधर्मी. त्यात नेहमीचे जीव टिकत नाहीत, पण सूक्ष्मजीव विपुल आहेत. जून २०२० मध्ये हे पाणी गुलाबी झाले तेव्हा आम्ही सगळे कड्यावर उभे राहून पाहत होतो. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने नमुने तपासून सांगितले, की पाणी आटून खारटपणा वाढल्यामुळे मीठप्रिय आर्किया, म्हणजे जिवाणूंसारखे पण वेगळ्या कुळातील सूक्ष्मजीव, माजले आणि त्यांच्या रंगद्रव्यांमुळे हा रंग आला. पावसाचे पाणी मिसळल्यावर रंग ओसरला. या मीठप्रिय कुळातील हॅलोबॅक्टेरियम या जिवात हरितद्रव्याशिवाय प्रकाशातून ऊर्जा मिळवणारे जांभळे प्रथिन असते, हे १९७० च्या दशकातच स्पष्ट झाले होते.

सूक्ष्मजीव आणि गूढ शक्ती यांची सांगड लोकप्रिय कथांत यापूर्वीही घातली गेली आहे. १९९९ साली आलेल्या एका गाजलेल्या हॉलिवूडपटात पेशींमधील सूक्ष्मजिवांची संख्या रक्तातून मोजून माणसाची गूढ क्षमता ठरवली जाते. मला ती मांडणी मान्य नाही. शक्ती रक्तात असते आणि जन्मानेच कमी-अधिक मिळते, हे आपल्या समाजाने पुरेसे सोसले आहे. शिवाय ज्या भागात पीक गेले, गुरे दगावली, तर करणी केली म्हणून एखाद्या एकट्या बाईवर बोट दाखवले जाते, आणि ज्यासाठी राज्याला २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला, तेथे बसून जादूची गोष्ट लिहिताना दोष कोणाच्या माथी जातो, याचा विचार लेखकाने केलाच पाहिजे.

मंत्रखाऊ जिवांचा स्वीकार आमच्या मंडळींनी याच कारणासाठी केला. त्यांच्या प्रदेशात मंत्र फसला, तर तो कोणी बांधला, हे विचारत नाहीत. तळ्याचे पाणी तपासतात. उन्हाळ्यात पाणी उतरते, खारटपणा वाढतो, गुलाबी साय धरते आणि पंचक्रोशीतील एकही मंत्र लागत नाही. कथेतील म्हातारी वैदूबाई, जिला गाव चेटकीण ठरवू पाहत आहे, ज्येष्ठातल्या एका सकाळी तांब्याभर गुलाबी पाणी घेऊन चावडीवर येते आणि ते पंचांच्या समोर ठेवते. पहिले प्रकरण तेथून सुरू होते.