फिरते अवकाश स्थानक
कक्षेतील अवकाश स्थानकात अंतराळवीराला वजन जाणवत नाही, कारण तो व स्थानक दोघेही सारख्याच त्वरणाने पृथ्वीकडे पडत असतात. स्थानकाला अक्षाभोवती परिवलन दिल्यास मात्र कडेच्या भिंतीवर उभे असलेले शरीर सरळ रेषेत निघून जाऊ पाहते, भिंत त्याला सतत केंद्राकडे वळवते आणि तिचा हा रेटा तळपायांना जमिनीसारखा भासतो. यास कृत्रिम गुरुत्व म्हणतात. त्याचे त्वरण कोनीय वेगाचा (एका सेकंदात फिरलेल्या कोनाचा) वर्ग व त्रिज्या यांच्या गुणाकाराइतके असते.

कल्पनेच्या जनकत्वाविषयी एकमत नाही. रशियन शास्त्रज्ञ कन्स्टंटीन त्सिओल्कोव्हस्की यांच्या विसाव्या शतकारंभीच्या, काहींच्या मते त्याही आधीच्या लेखनात हे तत्त्व आढळते. इतर अभ्यासक स्लोव्हेन अभियंते हेर्मान पोटोच्निक (टोपणनाव नूर्डुंग) यांना अग्रमान देतात. पोटोच्निक यांच्या जर्मन ग्रंथावर १९२९ हे वर्ष असले, तरी तो १९२८ च्या अखेरीस निघाला असावा. तत्त्व त्सिओल्कोव्हस्की यांचे व पहिला तपशीलवार आराखडा पोटोच्निक यांचा, हे मत अधिक सयुक्तिक वाटते. कारण पोटोच्निक यांनी सुमारे ३० मी. व्यासाचे ‘निवासचक्र’ योजताना त्याच्या आऱ्यांतील जिना व उद्वाहक (लिफ्ट) यांचाही विचार केला होता. १९५२ मध्ये जर्मन वंशाचे रॉकेट अभियंते व्हेर्नर फोन ब्राउन यांनी सुमारे ७६ मी. व्यासाचे, मिनिटाला ३ फेरे घेणारे चक्र सुचविले. त्याच्या कडेवरील त्वरण पृथ्वीवरील त्वरणाच्या तिसऱ्या हिश्शाहून किंचित अधिक भरते.

खरी अडचण त्रिज्येची आहे. मिनिटाला २ फेऱ्यांत पृथ्वीइतके त्वरण हवे असल्यास त्रिज्या सुमारे २२४ मी. लागते. त्रिज्या लहान ठेवून वेग वाढविल्यास मान वळवताच आतील कानातील द्रव ढवळून भोवळ व मळमळ येते. तसेच १० मी. त्रिज्येच्या चक्रात १ मी. उंचीवरून सोडलेला चेंडू सरळ खाली न पडता परिवलनाच्या उलट दिशेला सुमारे ३३ सेंमी. हटून पडतो, २२४ मी. त्रिज्येत हेच अंतर सुमारे ६ सेंमी. उरते. चेंडू सुटल्यावर सरळ जातो व जमीन त्याच्याखालून पुढे सरकते, एवढाच याचा अर्थ.

कक्षेतील प्रयोग मोजकेच झाले. १९७७ मध्ये कॉसमॉस ९३६ या सोव्हिएट उपग्रहात काही उंदीर फिरत्या यंत्रात ठेवले होते. त्याआधी, सप्टेंबर १९६६ मध्ये, जेमिनी ११ हे अमेरिकन यान अजिना या दुसऱ्या यानाला सुमारे ३० मी. लांबीच्या पट्ट्याने जोडून दोन्ही एकमेकांभोवती सावकाश फिरविण्यात आली. निर्माण झालेले गुरुत्व इतके क्षीण होते की अंतराळवीरांना ते जाणवले नाही. मात्र उपकरण फलकाशी धरून सोडलेला कॅमेरा सरळ यानाच्या मागील भिंतीकडे सरकत गेला.