पडद्यावरचा मार आणि कायद्यातला ‘चित्रपट’ : नाशिकच्या स्टंट कलाकारांची पार्श्वभूमी

नाशिकच्या स्वतंत्र सिनेमात अभिनय आणि स्टंट ही दोन्ही कामं सहसा एकाच माणसाच्या गळ्यात पडतात. डबल, म्हणजे नटाऐवजी स्टंट करणारा माणूस, घ्यायचा तर फाइट मास्टर आला, त्याची माणसं, गाद्या, केबल आणि सेटवर उभी अ‍ॅम्ब्युलन्सही आली. तेवढं बजेट नसतं. मग ‘उडी तूच मार’ असं ठरतं आणि मानधन फक्त अभिनयाचं मिळतं.

तसं इथं हे जुनंच. १९१८ साली नाशकात उभ्या राहिलेल्या दादासाहेब फाळक्यांच्या कंपनीच्या पुढच्याच वर्षीच्या ‘कालिया मर्दन’ या मूकपटात कालियाशी झुंजणारा कृष्ण म्हणजे फाळक्यांचीच लहानगी मुलगी होती. बोलपट आल्यावर धंदा मुंबई-पुणे-कोल्हापुरात स्थिरावला आणि तालमीतल्या, मल्लखांबावरच्या पोरांना कॅमेऱ्यासमोर यायचं तर मुंबईच गाठावी लागे.

खरा गुंता १९८१ च्या सिने-कामगार कायद्यात होता. लेखी करार आणि तंट्यासाठी न्यायाधिकरण ही त्यातली मोलाची तरतूद. कायद्याच्या कक्षेत येण्यासाठी मोबदल्याची मूळ कमाल मर्यादा महिना १,६०० रुपये किंवा ठोक १५,००० रुपये. म्हणजे कायदा लहान माणसासाठीच होता. पण ‘चित्रपट’ कशाला म्हणायचं? तर पूर्ण लांबीचा, अनेक पात्रांभोवती गुंफलेला आणि मुख्यतः संवादांतून उलगडणारा. जाहिरातपट तर स्पष्टच वगळलेले. वीस मिनिटांचा, जेमतेम चार वाक्यांचा हाणामारीपट या व्याख्येत बसवायचा कसा? मूकपटवाल्यांच्या जिल्ह्यात तरी ही अट विनोदीच वाटायची. पुढे डिजिटल कॅमेरे स्वस्त झाले आणि अंजनेरी, इगतपुरीचे घाट, गोदाघाट इथं लघुपट सुरू झाले. त्यात पडणारा, आपटणारा कलाकार या व्याख्येबाहेरच राहिला. हे नजरचुकीनं झालं म्हणावं, तर दुरुस्तीला चार दशकं लागली.

मधल्या काळात मान मिळाला, हमी नाही. २०१७ मध्ये राष्ट्रीय पुरस्कारांत स्टंट संयोजनाचा पहिला सन्मान जाहीर झाला. ऑस्करमध्येही २०२७ च्या चित्रपटांपासून हा विभाग येतो आहे. जुलै २०२५ मध्ये तमिळनाडूत एका सेटवर गाडी उलटवण्याच्या दृश्यात स्टंटमनचा जीव गेला, तेव्हा विम्याची चर्चा पुन्हा तापली.

त्याच वर्षी २१ नोव्हेंबरला १९८१ च्या कायद्याच्या जागी नवी कामगार संहिता लागू झाली. ‘चित्रपटा’ऐवजी आता ‘दृक्‌श्राव्य निर्मिती’ आली. त्यात वेब मालिका, जाहिरात आणि कथाबाह्य (नॉन-फीचर) चित्रपटही धरले आहेत. सरकारी निवेदनात स्टंट करणाऱ्यांचा उल्लेख नावानिशी आहे. करार मात्र आजही लेखीच लागतो, आणि नाशकातल्या लघुपटाचं काम बहुतेकदा फोनवर ‘रविवारी ये, बाकी बघू’ एवढ्यावर ठरतं.