झेलेअण्णा ते हिंदूराव: निळू फुल्यांच्या खलनायकामागचा काळ

निळू फुले म्हटलं की आजही कुणीतरी घोगरा आवाज काढून 'बाई, वाड्यावर या' म्हणतं आणि ऐकणारे हसतात. त्या नकलेत निळूभाऊ फारसे सापडत नाहीत. त्यांचा खलनायक समजून घ्यायचा तर सिनेमाच्या बराच मागे जावं लागतं.

पुण्यातल्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत ते माळीकाम करायचे. राष्ट्र सेवा दलाचे ते कार्यकर्ते, आणि अभिनय शिकले ते दलाच्या कलापथकात. पुढे 'कथा अकलेच्या कांद्याची' या वगनाट्यानं त्यांचं नाव झालं. १९६८ साली अनंत माने यांच्या 'एक गाव बारा भानगडी'मध्ये ते झेलेअण्णा म्हणून पडद्यावर आले, तेव्हा वय चाळिशीकडे झुकलं होतं. लोकांमध्ये वावरून झाल्यावर कॅमेऱ्यासमोर आलेला हा नट होता, आणि ते दिसतं.

काळही तसाच होता. १९६० साली महाराष्ट्र राज्य झालं, १९६२ मध्ये जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्या आल्या, सहकारी साखर कारखाने उभे राहिले. गावातली सत्ता नव्या हातांत गेली. सावकार आणि इनामदार जुने झाले. आता गावाला धाक होता तो चेअरमनचा. हा माणूस निळूभाऊंनी 'सामना'त उभा केला. तेंडुलकरांचं लेखन, जब्बार पटेलांचं दिग्दर्शन. १९७५ साली हा चित्रपट बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत होता. त्यातला हिंदूराव धोंडे पाटील क्वचितच आवाज चढवतो. तो पाहुणचार करतो, लाडीगोडीनं बोलतो, आणि 'मारुती कांबळेचं काय झालं?' हा गावात आलेल्या एका मास्तरांचा प्रश्न त्याला आतून पोखरत जातो. दुष्ट माणसाला अपराधाची टोचणी लागते, हे दाखवायला फार मोठा नट लागतो.

त्याआधी १९७२ मध्ये 'सखाराम बाइंडर' रंगभूमीवर आलं. निळूभाऊंचा सखाराम रासवट होता, पण खोटं बोलत नव्हता. नाटकावर गदारोळ झाला, दिग्दर्शक कमलाकर सारंग कोर्टात लढले. १९७९च्या 'सिंहासन'मध्ये मात्र निळूभाऊ पार दुसऱ्या टोकाला, सत्तेचा खेळ पाहून सुन्न होणारा पत्रकार दिगू टिपणीस. हिंदीत 'सारांश'चा गजानन चित्रे सोडला तर त्यांच्या वाट्याला त्यांच्या तोलाचं फारसं आलं नाही, याची हळहळ वाटते.

पडद्याबाहेर त्यांनी कार्यकर्तेपण सोडलं नाही. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात ते होतेच. शिवाय पूर्णवेळ सामाजिक कार्यकर्त्यांना मानधन मिळावं म्हणून सामाजिक कृतज्ञता निधी उभारला गेला, त्यासाठी 'लग्नाची बेडी'चे प्रयोग महाराष्ट्रभर झाले. 'सामना'त समोरासमोर उभे ठाकलेले मास्तर आणि हिंदूराव, म्हणजे डॉ. श्रीराम लागू आणि निळू फुले, त्या दौऱ्यांत एकाच बाजूनं काम करत होते.