तिशीतल्या नवऱ्या आणि चर्चच्या वह्या

‘पूर्वी जगभर मुलींची लग्नं सोळाव्या वर्षी उरकत’ असा फॉरवर्ड परवा आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर आला. मी खाली एकच आकडा टाकला: २७. काकांनी विचारलं, कसला?

इंग्लंडच्या डेव्हन परगण्यात कॉलिटन नावाचं गाव आहे. तिथे १५६० पासून पुढची ऐंशीएक वर्षं मुलीचं पहिलं लग्न सरासरी सत्ताविसाव्या वर्षी होई. १६४५-४६ च्या प्लेगने गावातला जवळजवळ पाचवा हिस्सा नेला, त्यानंतर तर हे वय तिशीला टेकलं. बालविवाहाचा पत्ताच नाही. ब्रिटनची पहिली जनगणना १८०१ ची. मग हे मोजलं कोणी? टोनी रिग्ली या इतिहासकाराने, १९६६ मध्ये, चर्चच्या वह्यांवरून. बाप्तिस्मा, लग्न, दफन यांची नोंद ठेवण्याचा हुकूम राजा आठव्या हेन्रीचा मंत्री थॉमस क्रॉमवेल याने १५३८ मध्येच काढला होता.

नोंदी जुळवून एकेका कुटुंबाचा तक्ता भरायचा. ऐकायला सोपं आहे. समजा, मेरीचं लग्न १६०० चं. १६०२, १६०५, १६०७ ला मुलांचे बाप्तिस्मे, पुढे काहीच नाही. मुलं थांबली, की बिऱ्हाड हललं? १६०७ पर्यंत ती गावात होती हे नक्की, म्हणून तिथवरची वर्षं धरू, असं वाटतं. घात तिथेच होतो. मूल झालं म्हणूनच ती आपल्याला दिसली. शेवटच्या मुलानंतरची रिकामी वर्षं गाळली की जननदर फुगतो. म्हणून लुई आंरी या फ्रेंच लोकसंख्याशास्त्रज्ञाने नियम घातला: कुटुंब नजरेखाली येतं लग्नाच्या नोंदीला आणि नजरेआड होतं नवरा-बायकोपैकी जो आधी जाईल त्याच्या दफनाला. दफन सापडलं नाही, तर जननदराच्या हिशेबातून ते जोडपं बाद, मुलं कितीही असोत. म्हणजे तारीख अशी हवी, जी मूल होण्या-न होण्यावर अवलंबून नाही. (थुंकी पाठवून पूर्वजांची टक्केवारी सांगणाऱ्या किटपेक्षा माझा या कंटाळवाण्या नियमावर जास्त भरवसा आहे.)

पुढे रिग्ली आणि रॉजर स्कोफील्ड यांनी ४०४ पॅरिशच्या (एकेका चर्चच्या हद्दीतल्या वस्तीच्या) वह्यांतले आकडे घेतले. ते मोजायला गावोगावचे हौशी लोक राबले. मग १८७१ च्या जनगणनेपासून पाच-पाच वर्षं मागे सरकायचं: जन्म वजा, मृत्यू जमा, शिवाय देशाबाहेर गेलेल्यांचा अंदाज. १९८१ च्या त्यांच्या ग्रंथानुसार इंग्लंडची लोकसंख्या १७०१ मध्ये पन्नास लाखांच्या आसपास होती आणि १८०१ मध्ये साडेशहाऐंशी लाखांच्या.

ही वाढ डॉक्टरांमुळे झाली, असं आपण सहज म्हणून टाकतो. पण जेनरची देवीची लस १७९६ ची, शतक सरत आलं तेव्हाची. रिग्ली-स्कोफील्डच्या हिशेबात मोठा वाटा लग्नाच्या वयाचा निघाला. तिथे लग्न म्हणजे वेगळी चूल, म्हणून तरुण मुलंमुली आधी परक्या घरी चाकरी करून पैसे साठवत. अठराव्या शतकात नवरीचं वय दोन-अडीच वर्षांनी उतरलं, कायम अविवाहित राहणारेही घटले. अंगावर पाजणाऱ्या आईला साधारण अडीच वर्षांनी पुढचं मूल होई. म्हणजे प्रत्येक घरात जवळजवळ एक पाळणा जास्त.

कॉलिटन सोडून लंडनला चाकरीला गेलेली मुलगी मात्र या तक्त्यांत सापडत नाही. तिचा बाप्तिस्मा गावच्या वहीत, लग्न कुठल्या वहीत कोण जाणे.